प्रमाण : एकास बारा

समुद्र इथून चाळीस कोस तरी असेल.
शहाद्याच्या बंद पडलेल्या जिनिंगात,
जिथे सरकीचे ढीग पडायचे तिथे
आमची टाकी. तीस मीटर लांब, छातीभर पाणी,
वर दोन रूळ, रुळांवर गाडा,
गाड्याखाली मेणाची होडी, मीटरभर.

ऊस खाली करून परतणारे दारात डोकावतात :
"जहाज कोठे शे, भाऊ? आठे ते समिंदर बी नई."
मी म्हणतो, जहाज अजून वहीत आहे.

होडी बारापट लहान केली
म्हणून बारापट हळू ओढायची नसते.
बाराचं वर्गमूळ काढायचं. साडेतीनपटच हळू.
तेव्हा कुठे नाळेशी उठणारी लाट
खऱ्या लाटेची सख्खी बहीण होते.
हे मला भंगाळे मॅडमनी शिकवलं,
आयटीआयचा फिटर मी, वर्गमुळाला घाबरायचो.

मे महिन्यात पत्र्याखाली शेचाळीस अंश.
मेण लवलं. पोटाशी तीन मिलिमीटर.
डोळ्यांना काही दिसलं नाही, काट्याला दिसलं.
अकरा दिवसांची मापं खोटी.
मॅडम रागावल्या नाहीत. पट्टी ठेवून
लाल रेघ मारली, खाली लिहिलं :
मेण लवलं. माप रद्द.
आणि आम्ही रात्रीचे झालो, दोन ते पाच,
पाण्यात थर्मामीटर, डोळ्यांत झोप.
एका फेरीनंतर पाणी निजायला
बारा मिनिटं लागतात.
तेवढ्यात चहा होतो, बोलणं होत नाही.

दामज्या पावरा आला तो जूनच्या तोंडावर.
नर्मदेच्या फुगवट्यात दवाखान्याची होडी चालवतो.
तिच्यासाठीच तर हा खटाटोप.
त्याला पंखा दाखवला, लिंबाएवढा,
चार पाती, धुळ्याच्या कासारानं ओतलेला.
वेग वाढवला तशी पात्यांमागे
बुडबुड्यांची दोरी वळत गेली,
फुटाणे भाजावेत तसा आवाज.
हे बुडबुडेच पितळ खातात, मी सांगितलं.
त्यानं कोपरापर्यंत हात बुडवला,
बराच वेळ काढलाच नाही.
मग म्हणाला, तुमच्या पाण्यात झाडं नाहीत.

आमच्याकडे खाली साग उभा आहे.
मोह उभा आहे. उन्हाळ्यात पाणी उतरलं
की शेंडे वीतभर खाली राहतात, दिसत नाहीत.
पंखा तिथे मरतो. बुडबुड्यांनी नाही.

मॅडमनी पेनाला टोपण लावलं.

दुसऱ्या दिवशी शेतातून पऱ्हाट्या आणल्या,
बुडाला सिमेंटचे गोळे.
बारा मीटरच्या सागाला मीटरभर पऱ्हाटी.
आम्ही ओळीनं लावत होतो, सारख्या अंतरानं.
त्याला ते पटेना. टाकीत उतरला आणि
एकेक उचलून स्वतः ठेवू लागला.
हा नाल्याकाठचा. हा जरा डावीकडे.
हा मामाचा मोह, याच्याखाली बाजार भरायचा.
मॅडम रुळावर खडूनं खुणा करत होत्या,
मी वहीत लिहीत होतो :
मामाचा मोह. लांबी चार पूर्णांक दोन. रुंदी एक पूर्णांक एक.
मधे त्यानं दोन हात जागा मोकळी सोडली.
इथे?
इथे काही नाही, म्हणाला. इथे अंगण होतं.

साधा पंखा अकरात नऊ वेळा अडकला.
कडं घातलेला चार वेळा,
पण वेगात तो मार खातो, हेही लिहिलं.
अंगणावरून नेली तेव्हा
एकदाही नाही, दोन्ही पंखे.
मॅडमनी तो रकाना रिकामा ठेवला.
शीर्षक काय द्यावं ते सुचेना म्हणाल्या.

दामज्याची बस साडेपाचची.
दारातून परत आला, चप्पल काढून
टाकीत वाकला, आणि मामाचा मोह
जरासा कलला होता तो
सरळ केला.

मग बारा मिनिटं थांबावं लागलं.