एकसर जोडणी

ग्रिम्सबीच्या कॉलेजात मंगळवारी सात ते नऊ,
तळमजल्यावरची लॅब. खिडक्या बंद असल्या तरी
धुरावलेल्या हॅडॉकचा वास आत येऊन बसतो
रिकाम्या बाकांवर.

डेरिक आज चष्मा विसरलाय.
पट्ट्यांचे रंग माझ्याकडून वाचून घेतो:
तपकिरी काळा तपकिरी, शंभर.
लाल लाल तपकिरी, दोनशे वीस.
पिवळा जांभळा तपकिरी, चारशे सत्तर.
तिघे एकामागे एक, सप्लाय नऊ व्होल्टवर.

चाळीस वर्षं मासे चिरले या हातांनी,
डाव्या अंगठ्याचं वरचं पेर तिकडेच राहिलं.
मीटरचा लाल प्रोब तो सुरीसारखा धरतो
आणि तेवढाच टेकवतो.
"मेलंय हे."
काळाही टेकव, मी म्हणते,
व्होल्टेज एका जागी नसतं,
दोन जागांच्या मध्ये असतं.
"हं," म्हणतो,
भाव पाडायला आलेल्या गिऱ्हाइकासारखा.

एक पॉइंट चौदा.
दोन पॉइंट एक्कावन्न.
पाच पॉइंट पस्तीस.

"शेवटच्याला सगळ्यात जास्त?"
हा पाच भावांतला चौथा. सूपचं भांडं याच्यापर्यंत यायचं
तेव्हा त्यात गरम पाणी
आणि नशीब असेल तर गाजर.
आमच्याकडे पंगतीत जिलबी
पंधराव्या पानालाच संपायची,
मी विसाव्यावर.
नववीच्या पेपरात मीही लिहिलं होतं,
पहिला रोध प्रवाह खातो, पुढच्यांना उरतो थोडा.
शून्य मिळालं.

अदलाबदल कर.
तो चारशे सत्तर पहिला लावतो. पाच पॉइंट पस्तीस.
मधे लावतो. पाच पॉइंट पस्तीस.
प्रवाह तिघांतून तेवढाच, मी सांगते,
कोण किती अडवतो त्यावर वाटा.

"म्हणजे जो आडवा येतो, त्यालाच जास्त?"
हो.
"रांगेत कुठेही असला तरी?"
कुठेही.

तो पावतीच्या पाठीवर बेरीज मांडतो,
हातचा एक वर लिहून, शाळकरी पोरासारखा.
नऊ. बरोब्बर नऊ.
मागे काही उरत नाही.
"हे सोळाव्या वर्षी कुणी सांगायला हवं होतं,"
तो म्हणतो, माझ्याकडे न बघता.
"मी आपला शंभर ओहमच राहिलो."

यावर काय बोलायचं
ते माझ्या अभ्यासक्रमात नाही.
दारात बेव्हर्ली किल्ल्या वाजवते, नऊ वाजून गेलेत.
डेरिक एक बोट वर करतो, थांब,
आणि शंभरवाल्याच्या दोन्ही टोकांना
दोन्ही प्रोब लावतो,
अगदी हलक्या हाताने,
काटा काढताना धरावा तसा श्वास धरून.