नावनिशी

टेबलावर आज पलटणीचं बाड आलंय.
चारशे बारा पानं, कातडी पुठ्ठा,
कण्यावरचा आकडा तीनदा खोडून तीनदा लिहिलेला.
पलटणीचंही तसंच झालं होतं:
आधी आकडा, मग कुणा साहेबाचं नाव, मग दुसराच आकडा,
आणि मोठी लढाई सरल्यावर
एका शुक्रवारी, कुलाब्याच्या मैदानात, विसर्जन.
आपण बुडवण्याआधी आरती तरी करतो.

मी डागडुजीवाली. फोर्टातल्या दप्तरखान्यात
उत्तरेच्या खिडकीपाशी बसते.
खळ तांदळाची, कागद जपानी, ब्रश बकरीच्या केसांचा.
वाचणं माझं काम नव्हे.
पण भोक भरताना कडेचं अक्षर दिसतंच.

सुभाना बिन रखमाजी, शिर्के. पाच फूट पाच.
डाव्या भुवईत देवीचा वण.
हसाजी बिन एलोजी, शनवार तेली, गाव नवगाव.
उजवं मधलं बोट घाण्यात चेपलेलं.
सुलेमान वलद दादामियाँ, बाणकोट. गळ्याशी तीळ, मसुराएवढा.

साहेबांनी लिहिलेला इतिहास वेगळा आहे, सोनेरी कडांचा.
त्यात चांदीचे पेले, मारलेले वाघ,
कोणत्या टेकडीवर कोण आधी चढलं.
भुवईतला वण त्यात नाही.

पान एकशे नव्वद, शेऱ्याचा रकाना:
'एडनच्या अलीकडे पाण्याचं पिंप फुटलं.
नऊ दिवस सर्व जातींस एकाच टाकीचं पाणी. तक्रार नाही.'
खाली, वेगळ्या शाईत:
'मुंबई बंदरात उतरले. तक्रारी एकोणचाळीस.'

हसले मी. मग पान उलटलं.

दोनशे सदतीस. कसर इथून शिरली असावी,
मयतांच्या रकान्यातून तिरकी, चाळीस पानं खोल.
सुभेदाराचं पेन्शन, पळून गेलेल्याचं गाव, ढोलवाल्याची उंची
सगळं एकाच बोगद्यात.
तिला कोण शिवतं, कोण शिवत नाही, कुणी सांगितलेलं नव्हतं.
आणि तरी एका ओळीत तिने काय ठेवावं?
…नाक बिन …नाक.
जात: परवारी. उंची: पाच फूट सहा.
निशीच्या जागी भोक.

बापाचं नाव गेलं, लेकाचं गेलं, नाक तेवढं राहिलं.
नाव गेलं की नाकही जातं, असं म्हणतात आपल्याकडे.

पुढे एका सालापासून हे नाक येईनासेच होतात.
कसरीने खाल्लेले नव्हेत. पानं धडधाकट, शाई काळीकुळकुळीत.
लिहिलेलेच नाहीत.
वरून लढवय्यांची नवी यादी आली होती,
आणि आजा, बाप, लेक असे तिघे ज्या बंदुकीला तेल देत आले
ती एका सकाळी
त्यांच्या हाताला शोभेनाशी झाली.

माझ्या आडनावात गाव आहे.
त्याआधी काय होतं विचारलं, की आजोबा रेडिओ मोठा करायचे.
त्यांच्या ट्रंकेत पितळी बटणं होती, पाच.
कुणाची, ते सांगण्याआधी बातम्या लागायच्या.

लोटलीकर बाईंनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं:
भोक भरायचं, अक्षर भरायचं नाही.
कितीही ठाऊक असलं तरी नाही.
म्हणून मी जपानी कागदाचा तुकडा फाडते, कापत नाही,
फाटलेल्या कडेचे तंतू एकमेकांना धरतात.
खळ लावते. वर काच ठेवते.

जेवणाच्या सुट्टीत खोलीत कुणी नव्हतं.
दाराच्या चौकटीला पाठ लावून उभी राहिले,
डोक्यावर पट्टी, पेन्सिलीची खूण:
पाच फूट दोन. भरतीला नापास.
निशी: हनुवटीखाली खोक, चेंबूरला सायकलवरून पडले तेव्हाची.

मग स्टुलावर चढून
त्या खुणेच्या वर चार इंचांवर
दुसरी रेघ मारली.
जाता येता आता
तिथवर बघते.