कंटिन्युइटीची वही

सत्त्याऐंशी साल, रिवण. अठरा रात्रींचं शूटिंग.
दिग्दर्शकाचा मावसभाऊ म्हणून मला मिळालेलं काम:
कुठल्या शॉटला काय कुठे होतं, लिहून ठेवायचं.

वही अजून आहे. चहाचे डाग, मारलेल्या डासांचं रक्त.
सीन १२. कंदील उजव्या हातात. केस ओले,
डावी बट गालावर. हिरव्या बांगड्या सात.
सीन १३. बांगड्या सहा.

सातवी रिटेकमध्ये फुटली, विहिरीच्या काठावर.
तिने तुकडे वेचून पदराच्या गाठीत बांधले
आणि शॉट पुन्हा दिला.
भुताच्या बांगड्या कोण मोजतंय, निर्माते म्हणाले.
त्यांचे खनिजाचे सहा ट्रक होते
आणि हा एक सिनेमा.

सुरंगा फळदेसाई. पोस्टरवर रूपलता.
एकूण चित्रपट तीन. पहिल्यात नायिकेची बहीण,
मध्यंतराआधी बुडते. दुसऱ्यात नुसती पाठमोरी.
तिसरा हा. यात ती आधीच मेलेली होती,
म्हणून शेवटपर्यंत टिकली.

कुडचड्याला चार दिवस चालला.
चौथ्या दिवशी थेटरात मला धरून अकरा जण.
मागे कोणीतरी शेंगा फोडत होतं सुरुवातीपासून.
ती विहिरीतून वर आली,
आणि फोडणं थांबलं.
तिच्याबद्दल छापून आलं नाही कुठे. एवढंच.

पैसे अर्धे मिळाले. उरलेल्यांचा चेक
सावर्ड्याच्या बँकेतून दोनदा परत आला.
मग तिचं लग्न झालं, की वडील अंथरुणाला खिळले,
की दोन्ही, वहीत नाही.
कॅमेरा बंद झाल्यावरचं लिहायचं नसतं.

परवा मावशीच्या घराची घरपट्टी भरायला पंचायतीत गेलो.
खिडकीमागे चष्मा, पावतीपुस्तक,
कार्बन सारखा करणारी बोटं. मनगट टेबलाआड,
मोजता आलं नाही.
मी घर नंबर सांगितला, मग नाव.
तिने मान वर केली नाही. पावती फाडली,
शिक्का मारला, दोनदा, पहिला पुसट उठला म्हणून.
मग म्हणाली,
"म्हजो कंदील खंय रे?"

घरून आणला होता तिने तो. काच
तिच्या आईने राखेने घासून दिलेली.

रात्री वही काढली. सीन ३१, शेवटचा.
कंदील उजव्या हातात. वात मोठी.
त्याखाली माझंच अक्षर, घाईतलं:
पॅकअप. जेवण उशिरा. मासे संपले.