वायसर

चबुतऱ्याच्या दगडात देणाऱ्यांचं नाव कोरलंय.
आमच्यातल्या कुणालाच ते धड उच्चारता येत नाही.
शेळ्यांना मात्र तो दगड आवडतो,
दुपारी त्याच्या सावलीला बसतात.

हापसा तिसऱ्या वर्षी गेला.
गेला म्हणजे, दांडा हलायचा,
आत खोल कुठेतरी म्हातारं माणूस
खोकून खोकून गप्प व्हावं, तसा आवाज यायचा.
पाणी होतं.
बत्तीस मीटरवर होतं, तिथेच होतं,
वर येईना इतकंच.

मग चौदा महिने पुन्हा दांबोत.
गवताळ, खोलगट जमीन ती. हातानं खड्डा उकरायचा
आणि वाट पाहत उकिडवं बसायचं.
आधी गाळ येतो, मग बेडूक,
मग वाटीवाटीनं पाणी.
त्याच चौदा महिन्यांत अलिनाफेचा धाकटा गेला.
समितीचा हिशेब माझ्याकडे, म्हणून महिना सांगते: ऑक्टोबर.
कारण मी वहीत लिहीत नाही.

दूधपावडरचा रिकामा डबा, त्याला भोक पाडलेलं,
घरटी दोनशे क्वाचा.
एनिफाकडे पैसे नव्हते, तिनं अंडी दिली.
मी तसंच लिहिलं: अंडी, सहा.
एकदा सगळा डबा गावप्रमुख काचालेंच्या भावाच्या शवपेटीवर गेला.
नाही कोण म्हणणार?
मी ते उसनवारीत मांडलंय.
तो अजून आमचं देणं लागतो.

शेवटी फालेसी आली, टेकडीपलीकडून,
सायकलच्या दांडीला एकच पाना बांधून.
कंबरेचं चितेंजे आवळलं, पुरुषांना म्हणाली,
बघायचं तर बघा, पण उजेड अडवू नका.
एकेक सळई ओढून काढली,
गवतावर ओळीनं निजवली,
जणू लांबलचक सापाचा एकेक मणका.
सगळ्यात शेवटच्या टोकाशी
ते सापडलं.

माझ्या तळहातावर ठेवलं तिनं.
रबराचं कडं, माझ्या नातीच्या मनगटाएवढं,
एका अंगानं झिजून कागद झालेलं.
"हे?" काचालेंनी विचारलं.
"हे."
"कितीला पडतं?"
"कोंबडीपेक्षा कमी."

तेवढ्यात एक कोंबडी
आमच्या मधूनच चालत गेली, सावकाश,
मान पुढे-मागे करत.
कुणीही हसलं नाही.

नवीन वायसर बसवलं. पोरं दांड्याला लोंबकळली.
एकतीस वेळा नुसती हवा.
बत्तिसाव्यांदा तांबडं, गंजाचं पाणी.
पिऊ नका, वाहू द्या, फालेसी ओरडली,
पण तोवर ओंजळी भरल्या होत्या
आणि तीसुद्धा मग गप्प बसली.
जाताना दोन जास्तीची वायसरं देऊन गेली, पैसे मोजून घेऊन.
म्हणाली, झिजणं हा त्याचा धर्मच आहे, आई,
त्यावर रागावू नका, तारीख लिहून ठेवा.

ती वायसरं फडक्यात गाठ मारून
माझ्या उशाशी असतात.
रात्री कधी जाग आली की हात लावून बघते,
आहेत ना.

आता गर्दी असते सकाळी,
बादल्यांची रांग, भांडणं, नंबरावरून शिव्या.
मला बरं वाटतं भांडणं ऐकून.
शेळ्या हाकलाव्या लागतात.

अलिनाफे येते, रांग सोडून बाजूनं,
डोक्यावर रिकामी बादली.
डब्यात दोनशे टाकते, दर महिन्याला, न चुकता,
आणि हापशाकडे न बघता
तशीच पुढे जाते
दांबोच्या वाटेनं.
तिला कुणी हाक मारत नाही.
मी तिच्या नावापुढे लिहिते:
मिळाले.