एक पाहुणी, पूर्ण दिवस

व्हाउचरवर लिहिलंय: पाहुणे एक, गाडी एसी,
जेवण शाकाहारी, ठिकाणं आठ, सकाळी आठ ते संध्याकाळी सहा.
नाव सिरिपोन. गावाचं नाव ती दोनदा सांगते
आणि मला दोन्ही वेळा अयोध्याच ऐकू येतं.

अश्पाकभाई आरशातून बघतात. एकटीच?
एकटं माणूस जड जातं, हे त्यांनाही ठाऊक.
बसभर पाहुण्यांत कुणी पेंगतं, कुणी नवऱ्याशी भांडतं,
आपल्याला श्वास घ्यायला फट मिळते.
इथे दहा तास
माझं तोंड आणि तिचे कान.

पांडवलेण्याच्या पायऱ्यांवर मी पहिला विनोद काढते:
पांडव इथे राहिले नाहीत, भाडं भरलं नाही,
पाटी मात्र त्यांच्याच नावाची.
ती हसते,
पण अर्धा क्षण आधी.

आतल्या बुद्धासमोर ती बूट काढते.
मी एवढी वर्षं काढले नव्हते.
वाकून लेस सोडताना उगाच
पावसाळी पर्यटनाचे आकडे सांगत राहते.

काळाराम मंदिराच्या आवारात दुसरा विनोद.
पुन्हा हसू पुढे, विनोद मागून धापा टाकत.
आणि सावली कुठे आहे ते तिला सांगावं लागत नाही,
ओवरीच्या कडेला ती आधीच पोचलेली,
बघतेय माझ्या हाताकडे:
उंच धरलेली छत्री,
मागे येणाऱ्या एका माणसासाठी.

"सवय," मी छत्री खाली घेते.
"माझी पिवळी असते," ती म्हणते. "एकोणीस वर्षं."

सीतागुंफेशी मी नेहमी बाहेर थांबते.
गुडघे, असं सांगते.
"शेवटची कधी गेलीस आत?"
आठवावं लागलं. लेक कडेवर मावायची तेव्हा.
"आमच्याकडे एक मनोरा आहे, मी खालूनच दाखवते.
वरून काय दिसतं ते
पाहुण्यांच्या फोनात बघून पाठ केलंय."

मग गेलो. दोघी, चवड्यांवर, रांगत,
तिचा हात माझ्या ओढणीच्या टोकाला.
मी सांगत आले त्याहून
जागा बरीच लहान निघाली.

मिसळ आली. तिखट झेपेल ना, हा माझा ठरलेला प्रश्न.
तिने पर्समधून डबी काढली, स्वतःची मिरची,
आणि तर्रीवर भुरभुरली.
अश्पाकभाई एरवी गाडीतच जेवतात.
आज खुर्ची ओढून बसले,
म्हणाले, ही बाई जळगावची वाटते.

रामकुंड. दुतोंड्या मारुती.
इथे माझं भाषण कधीच अडखळत नाही:
पाणी घोट्याला तर बातमी नाही,
कमरेला आलं की सराफ बाजार आवरायला घेतात,
छातीला आलं की नाशिककर छत्र्या घेऊन
बघायला...

तिने आपल्या हनुवटीला हात लावला.
"आमच्या घरात इथपर्यंत होतं. दीड महिना.
भिंतीवर रेघ आहे अजून.
ती मी पाहुण्यांना दाखवत नाही."

घाटावर कुणीतरी धोतर पिळत होतं.
माझ्याकडे पुढचं वाक्य तयार होतं, ते निघेना.
निघालं ते दुसरंच. की भांडी बाजारात
आमचंही दुकान होतं, आणि त्या वर्षी
पितळ गाळात बसलं, अॅल्युमिनियम तेवढं तरंगत गेलं,
आणि वडील वरच्या खिडकीतून
जाणाऱ्या पातेल्यांची किंमत लिहून घेत होते.
ती हसली.
या वेळी माझं वाक्य संपल्यावर.

सहाला हॉटेलच्या दारात तिने पाकीट दिलं, दोन्ही हातांनी.
किती द्यायचे ते तिला नेमकं माहीत होतं:
घेणाऱ्याला लाजवणार नाहीत इतके,
देणारीला आठवणार नाहीत इतके.

परत निघाल्यावर अश्पाकभाई म्हणाले,
मॅडम, आज सातच झाली.

तिनेही मोजली असणार.
आमच्या धंद्यात
मोजल्याशिवाय कुणी राहत नाही.