व्यत्यय

नाना टीव्हीवर वाजवायचे
हे साखर पेठेत सगळ्यांना ठाऊक होतं,
आणि बघितलं कुणीच नव्हतं.
चित्र सोलापूरपर्यंत पोचतच नव्हतं तेव्हा.
कुठं संपतं, विचारलं तर नाना म्हणायचे,
भिगवणच्या आसपास असेल काय की.

लग्नसराईत मार्कंडेय बँडचा लाल कोट,
एरवी मागावर दिवसपाळी,
आणि महिन्यातनं एकदा, नशीब असलं तर दोनदा
खाकी लिफाफा:
क्लॅरिनेट, साथसंगत, रुपये पंचाहत्तर.
राजलिंगम येलदंडीचं त्यांनी
राजलिंग यलगुंडे केलेलं.
चेकही त्याच नावाचा.
बँकेतले बुऱ्हाणपुरे चष्म्यावरून बघायचे
आणि वटवायचे.

पांढरा शर्ट चालत नाही, कॅमेऱ्यात चमकतो,
असं पहिल्याच खेपेला सांगितलं त्यांना.
नानांकडं दोन शर्ट होते, दोन्ही पांढरे.
आईनं एक सुताच्या हौदात बुडवून आणला,
चादरीच्या काठाला लागतो तो निळा.
दिव्यांच्या उष्णतेनं घाम आला की रंग सुटायचा.
रात्रीच्या गाडीनं परत यायचे ते
मानेला निळा पट्टा घेऊन.
तिकडं टीव्हीवर सगळं काळंपांढरं.
तो निळा फक्त आम्ही बघितला,
आणि न्हाणीच्या दगडानं.

कार्यक्रमाच्या दिवशी संध्याकाळी साडेसातला
आई माग बंद करायची.
घरात टीव्ही नाही, गल्लीत नाही, गावात नाही,
तरी बंद.
शेजारचे तीन माग खडखडत असायचे,
ही मात्र धोट्यावर हात ठेवून बसलेली.
मग अर्ध्या तासानं मलाच विचारायची,
अयिपोयिंदा?
झालं का?
मी आठ वर्षांची. मला काय ठाऊक.
मी म्हणायची, झालं.
मग माग सुरू.

टॉवर आला तोवर
नानांचे पुढचे दोन दात गेलेले
आणि तिकडं एकच माणूस एका पेटीतून
सनई, सतार, क्लॅरिनेट सगळं काढायला लागलेला.
लिफाफे बंद.
कोंड्यालांनी पहिला सेट घेतला, हप्त्यावर,
त्याला मखमलीचा पडदा शिवला,
आणि नानांना मानानं खुर्ची दिली.
सगळे म्हणाले, आता तुमचं जुनं दाखवतील.
नाना म्हणाले, टेप महाग असती.
पुसतात, त्याच्यावरच दुसरं घेतात.
जुन्या ताण्याला नवा जोडतो की आपण,
तसंच.
कुणी काही बोललं नाही.
बाहेर भोंगा झाला.

गाणं लागलं की नाना
गाणाऱ्याकडं बघायचेच नाहीत.
बघायचे चौकटीची कड.
तिथं कधी एखादं कोपर यायचं,
गजाचं टोक, तबल्याची वादी.
हा डिसोझा, म्हणायचे.
हा कुणी नवा आहे, नीट बसत नाही.

आणि एका रविवारी
सिनेमात नायिका पत्र फोडत असताना
चित्र फाटलं, मुंग्या आल्या,
आणि पाटी लागली: व्यत्यय.
पाटीखाली एक क्लॅरिनेट वाजायला लागलं.

चाळीस माणसं एकदम ओरडली.
कुणी अँटेना हलवायला पत्र्यावर चढलं,
कुणी दूरदर्शनच्या आईबापांचा उद्धार केला,
बायका भाजी बघायला उठल्या.
नाना ताठ झाले.
त्यांची बोटं गुडघ्यावर चालायला लागली,
आधी उजवी, मग दोन्ही.
आईनं दारातनं ते बघितलं
आणि पदरानं तोंड झाकलं,
हसली का काय, मला दिसलं नाही.

त्यानंतर किती वर्षं
काही बिघडलं की तेवढं वाजायचं.
दोन मिनिटं, फार तर तीन.
पुढं कुणी बदललं तेही.

पण त्या रविवारी, पत्र फोडलेली नायिका परत आली,
सगळे हुश्श करून बसले,
तेव्हा नाना माझ्याकडं वाकून
अगदी हळू म्हणाले,
दुसऱ्या फेरीला, वरच्या गंधारावर,
पत्ती ओली झालेली माझी.
ऐकू आलं का तुला?