काच झालेले लायनर

मिरचीच्या पथाऱ्यांपाशी, नंदुरबारच्या अलीकडे,
गाडी पहिल्यांदा किंचाळली.
मिरची उलटवणाऱ्या बायांनी माना वर केल्या.
एक म्हणाली, सर, डुक्कर चेंगरलं का?
तेव्हापासून तीन महिने
माझ्या आधी माझा आवाज पोचत होता,
वर्गात, किराणा दुकानात,
उसने पैसे मागायला गेलो तर तिथंसुद्धा.

हिलाल मिस्तरीनं चाकाला कान लावला.
लायनर अजून जाड आहेत, म्हणाला,
तापून तापून काच झालेत नुसते.
काचपेपर घ्या अन् घासा घरीच,
तुमच्यासारख्याकडून या कामाचे काय पैसे घेऊ.

म्हणून रविवारी, ऊन भिंतीवरून उतरायच्या आत,
अंगणात गोणपाट अंथरलं.
गाडी डबल स्टँडवर. ब्रेकच्या दांडीचा नट
हातानं सुटला, एक्सलचा काही सुटेना.
पान्यावर उभा राहिलो मी,
अठ्ठ्याहत्तर किलोचा मराठीचा शिक्षक,
तेव्हा कुठं तो कुरकुरत वळला.

चाक मांडीवर घेतलं, ड्रम उघडला.
आत काळी भुकटी अन् तिच्यात लालसर काहीतरी.
फुंकू नका, रत्नप्रभा ओट्यावरून ओरडली,
तोवर मी फुंकलं होतं.
सतरा शिंका. शेजारच्या भटू अप्पानं मोजल्या.
अख्खा हंगाम त्या ड्रममध्ये जाऊन बसला होता,
देठासकट.

मग ओल्या फडक्यानं पुसलं,
कॅमला बोटाच्या टोकावर मावेल एवढंच ग्रीस लावलं.
लायनरला ग्रीसचं बोट लागू द्यायचं नाही,
आवाज जाईल, पण ब्रेकही जाईल.
काचपेपर आडवातिडवा फिरवत राहिलो.
चकाकी हळूहळू मेली
अन् खाली खरखरीत, मूळचं काहीतरी दिसायला लागलं.

स्प्रिंग बसवताना निसटली,
थेट अंगठ्यावर.
ओय माय वं, मरी गऊ!
असं मी ओरडलो, अंगणात, सगळ्यांदेखत.
भाविका ओट्यावर बसून गणितं करत होती.
तिनं वर पाहिलं, मग आईकडे पाहिलं,
मग वहीत तोंड खुपसलं.

या घराचा एक नियम आहे, मीच केलेला.
ती बालवाडीत गेली त्या साली.
आपल्या घरात ऱ्हायना-गयना चालणार नाही.
पुढं शहरात हसतील तिला.
कुणी वाद घातला नव्हता.

सोमवारी क्लास घेऊन परतलो, अंधार पडला होता.
कोपऱ्यावर नेहमीसारखं इंजिन बंद केलं,
उतारानं गाडी आपोआप दारापर्यंत आली.
ब्रेक दाबला.
काहीच नाही. चाक फक्त थांबलं.
असं थांबता येतं हे मी विसरलोच होतो.

खिडकीतून तव्याचा वास, अन् पोरीचा आवाज,
माले भूक लागनी वं माय.
थांब ना, तुना बाप ई जाऊ दे.
गाडी बोंबलनी का ताट वाढसू.
मग दोघी हसल्या.
असं हसणं मी या घरात ऐकलं नव्हतं,
किंवा ऐकायच्या आधीच माझा ब्रेक वाजत असे.

किती वेळ उभा राहिलो कोण जाणे.
पोर उपाशी होती, एका आवाजासाठी,
जो मी कालच घासून टाकला होता.
शेवटी अंधारात, हँडल धरून,
तोंडानंच केलं, चीईईई.

आत सगळं गप्प.
मग भाविका, एकदम शुद्ध,
बाबा आले.

हात धुऊन पाटावर बसलो.
भाकरी उलटता उलटता रत्नप्रभानं विचारलं,
अंगठा कसा आहे आता?
दुखी ऱ्हायना, मी म्हणालो.
तिनं वर पाहिलं नाही.
भाकरी तव्यावर जरा जास्तच राहिली.